जमिनीच्या वादात पोलीस संरक्षण मागताय? या चुका टाळा

संत्र्याची तोडणी तोंडावर आली होती. काटोल तालुक्यातल्या दोन चुलतभावांचा धुऱ्याचा, म्हणजे बांधाचा वाद. दोघंही पोलीस ठाण्यात उभे, आणि दोघांच्या हातात एकाच आदेशाची नक्कल: उभय पक्षांनी जैसे थे परिस्थिती ठेवावी. ठाणेदारांनी दोन्ही कागद शेजारी-शेजारी मांडले. "ताबा दोघांचाही म्हणता, मंग मी हटवू कोणाले?" पक्षकार माझ्याकडे पाहायला लागला. मी त्याचा वकील, पण गप्प, कारण तो 'जैसे थे' घाईत मीच पदरात पाडून घेतला होता.

वकिलाची चूक म्हणा, पण भोगतो पक्षकार. ताबा कोणाचा हे आदेशात लिहिलेलं नसेल, तर पोलिसांच्या लेखी तो कागद कोराच. निशाणी ५ च्या, म्हणजे तात्पुरत्या मनाईच्या अर्जात 'अमुक जमिनीवरील वादीच्या ताब्यात हरकत करू नये' असा नेमका मनाई हुकूम मागा. त्यासाठी नुसता सातबारा पुढे करून भागत नाही. पीक पाहणीच्या नोंदी, खताच्या पावत्या, बाजार समितीतल्या विक्रीच्या पट्ट्या, ओलिताच्या मोटारीचं वीजबिल, जे असेल ते लावा.

दुसरी गोम वर्णनात. दाव्यात नकाशा नसला की शिपाई वावरात येऊन विचारतो, कुठून कुठपर्यंत? धुऱ्याचाच वाद असेल तर भूमी अभिलेख कार्यालयाची मोजणी आणि तिच्या नकाशाची 'क' प्रत हाताशी हवी. नागपूर शहरातल्या प्लॉटचं दुखणं वेगळं: विक्रीपत्रात एक खसरा (सर्व्हे नंबर) आणि आखीव पत्रिकेत (प्रॉपर्टी कार्डात) भलतंच काही. मौजा, खसरा, प्लॉट नंबर आणि चतुःसीमा दावा दाखल करण्यापूर्वी जुळवा.

समोरच्याला न ऐकता हुकूम मिळाला, तर दिवाणी प्रक्रिया संहितेचा ऑर्डर ३९ नियम ३ विसरू नका. अर्ज, प्रतिज्ञापत्र, दावा आणि कागदपत्रांच्या प्रती त्याला लगेच पाठवायच्या आणि पाठवल्याचं प्रतिज्ञापत्र त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी दाखल करायचं. हे राहिलं की समोरचा वकील पहिल्याच तारखेला हुकूम उठवायला मागतो.

काहीजण थेट सिव्हिल लाइन्सच्या, म्हणजे उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठात रिट याचिका घेऊन जातात. ताबा कोणाचा हे दिवाणी न्यायालयाने निदान अंतरिम टप्प्यावर तरी ठरवलेलं नसेल, तर पोलीस संरक्षणाच्या रिटमधून तो हक्क ठरत नाही. सर्वोच्च न्यायालयाने हे २००६ मध्येच सांगितलंय. आधी मनाई हुकूम, मग तो मोडला जात असेल तर त्याच न्यायालयात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली पोलीस मदतीचा अर्ज. मोडल्याचा पुरावा द्या: तारखा, फोटो, ठाण्यात दिलेल्या तक्रारीची पोच. ऑर्डर ३९ च्याच नियम २-अ खाली हुकूम मोडणाऱ्याच्या मालमत्तेची जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही मागता येते.

आणि हो, मारहाण झाली तर तो गुन्हा. 'दिवाणी मॅटर आहे' म्हणून कोणी परत पाठवलं तर गप्प बसू नका, लेखी तक्रार देऊन पोच घ्या. जमीन आधीच हातची गेली असेल तर मात्र संरक्षण कशाचं मागणार? तिथे ताबा परत मिळवण्याचा दावा लागतो. स्पेसिफिक रिलीफ कायद्याच्या कलम ६ खाली तो ६ महिन्यांच्या आत करावा लागतो.

अर्जात 'पोलीस संरक्षण द्यावे' एवढंच मोघम लिहू नका. कोणत्या कामासाठी, किती दिवस, कोणत्या ठाण्यामार्फत आणि बंदोबस्ताचं शुल्क कोण भरणार, सगळं मागा. दुसऱ्या खेपेला आम्ही तसंच लिहिलं: तोडणीचे तीन दिवस, सकाळी आठ ते संध्याकाळी सहा. हुकूम झाला, दोन शिपाई धुऱ्यावर उभेही राहिले. तोवर निम्मी संत्री गळून झाडाखाली पडली होती.