अमृत कोकम घरी करताना बरणी का फसफसते

रानातले किंवा बांधावरचे रातांबे, म्हणजे कोकमाची फळं, हाताला लागली असतील, तर 'दहा मिनिटांत कोकम सरबत'वाले व्हिडिओ आधी बंद करा. आमसुलं उकळायची, साखर ढकलायची आणि रंगासाठी बीट किसून घालायचं, याला सरबत म्हणा हवं तर, अमृत कोकम म्हणू नका. अमृत कोकम म्हणजे पाण्यात मिसळून प्यायचा गोड पाक, आणि तो ताज्या रातांब्याच्या सालीचा होतो, चुलीवर न चढवता, उन्हात, पाण्याचा एक थेंबही न घालता.

रातांबे एप्रिल-मेमध्ये पिकतात. काळपटाकडे झुकलेले, गर्द लाल, टणक तेवढेच घ्या. झाड दुसऱ्याच्या जागेतलं असेल तर आधी विचारा. सकाळी झाडाखाली पडलेलं फळ अखंड असेल तर चालतं, फुटलेलं किंवा मुंग्या लागलेलं सोडून द्या. वळवाचा पाऊस पडून गेल्यावर गोळा केलेल्या फळांवर माझा विश्वास नाही, आणि 'मे अखेरीस करू' यावर तर अजिबात नाही. 2025 मध्ये मोसमी पाऊस 25 मेलाच तळकोकणात उतरला. त्या वर्षी ज्यांच्या बरण्या अर्ध्यावर होत्या, त्यांनी उन्हाची वाट बघत आठवडा काढला. आंबे उतरवायला लागलात की रातांब्यांकडे बघा.

फळं धुवा, सुती फडक्यावर रात्रभर पसरून पूर्ण कोरडी करा. मधोमध चिरून दोन वाट्या करा, बिया-गर वेगळा काढा. गर टाकू नका, मीठ लावून ठेवला तर आमसुलांना पुटं द्यायला (रसात पुन्हा पुन्हा बुडवून वाळवायला) किंवा आगळात, म्हणजे कोकमाच्या खारवलेल्या रसात, कामाला येतो. बिया वाळवा, त्यांचं मुठेल, म्हणजे कोकमाचं घट्ट तेल, निघतं आणि टाचांच्या भेगांना त्याच्यासारखं दुसरं काही नाही.

आता वजन. अख्ख्या फळाचं नव्हे, सालीचं. दोन किलो रातांब्यांतून साल किलोच्या आसपास निघते. एक किलो सालीला दोन किलो साखर. हो, दोन. इथेच सगळे बिचकतात, मीही बिचकलो होतो.

पहिल्या वर्षी मी 'आरोग्यदायी' करायला गेलो आणि सालीइतकीच साखर घातली. पाचव्या दिवशी बरणीत बुडबुडे दिसले. मला वाटलं, साखर विरघळतेय. गाळून बाटल्या भरल्या, झाकणं घट्ट लावली आणि कपाटात ठेवल्या. चौथ्या रात्री एका बाटलीचं झाकण उडालं. कपाटाच्या फळीवर तो लाल डाग अजून आहे.

हिशेब सोपा आहे. किलोभर ताज्या सालीत आठशे ग्रॅमच्या वर पाणी असतं. साखर ते सालीतून बाहेर ओढते आणि त्याचाच पाक होतो. किलोला किलो घातलीत तर त्या पाकात साखर 55 टक्क्यांच्या आसपास पडते, आणि एवढ्यात यीस्ट, म्हणजे आंबवणारा सूक्ष्म जीव, मजेत जगतं. 65 टक्क्यांच्या पुढे गेलं की बहुतेक यीस्टला वापरण्याजोगं पाणी पुरत नाही. किलोला दोन किलो म्हणजे 70च्या जवळपास. म्हणजे ही साखर गोडीसाठी नाहीच, टिकवण्यासाठी आहे. गूळ, खडीसाखर, 'निम्मी साखर निम्मा मध' हे प्रयोग ज्यांना करायचे त्यांनी ते फ्रीजमध्ये करावेत आणि आठवड्यात संपवावेत.

दुसऱ्या वर्षी प्रमाण बरोबर होतं, तरी बरणी वरून फसफसली. हे मला कळेना. शेवटी गावच्या एका काकींनी बरणीत डोकावून सांगितलं, "वरच्या थराक साखर जास्ती घाल रे. खालच्याक ती आपसूक गावता."

त्या एका वाक्यात सगळं होतं. साखरेचा दाट पाक जड, तो तळाला बसतो. साली मात्र वर तरंगतात आणि आपलं पाणी वरच सोडतात. त्यामुळे तळाशी न विरघळलेली साखर आणि वर पातळ, आंबट पाणी अशी स्थिती होते. सरासरी 70 टक्के असली तरी वरच्या दोन बोटांत ती 40 सुद्धा नसेल, आणि यीस्टला तेवढी जागा पुरते. 'थर द्या आणि आठ दिवस हात लावू नका' असं लिहिणाऱ्यांनी बहुतेक एकदाच केलेलं असतं आणि नशिबाने जमलेलं असतं.

म्हणून मी असं करतो. प्रत्येक वाटीत साखर भरून बरणीत रचतो, पण तळाचे थर हलके ठेवतो आणि एकूण साखरेतली निम्मी सगळ्यात वर, साली दिसेनाशा होतील अशी ओततो. बरणी काचेची किंवा चिनी मातीची. अ‍ॅल्युमिनियम आणि लोखंड या आंबटापाशी नेऊच नका. रोज सकाळी उन्हात ठेवण्याआधी कोरड्या लाकडी डावाने तळापासून ढवळतो. वरवर नाही, तळाची साखर वर येईपर्यंत. हे पहिले तीन दिवस एकदाही चुकवायचं नाही.

दिवसा तोंडाला झाकण नको, दुहेरी फडकं बांधा. झाकण लावलं की आतली वाफ त्याला धरते आणि थेंब परत वरच्या थरात पडतात, म्हणजे जे टाळायचं तेच होतं. मुंग्यांसाठी बरणी पाण्याच्या परातीत ठेवा. संध्याकाळी आत आणा, पूर्ण गार झाल्यावरच झाकण लावा.

सात-आठ दिवसांत साली आक्रसतात, साखर विरघळते. तळाशी थोडी उरली तर घाबरू नका, उलट ते चांगलं लक्षण आहे. मलमलीतून गाळा, पिळू नका, कोरड्या बाटल्यांत भरा. एक किलो सालीतून मला पावणेदोन लिटरच्या आसपास मिळतं. फ्रीजबाहेर टिकतं, पण रंग दिवाळीपर्यंत तपकिरीकडे जातो. लालभडक हवा असेल तर फ्रीजमध्ये ठेवा. जिरेपूड बाटलीत नको, पेल्यात घाला.

पेल्याला दोन मोठे चमचे, म्हणजे 30 मिली, पाणी पाचपट, चिमूटभर मीठ. एवढ्यात साखर 25 ग्रॅमच्या पुढे जाते. उन्हातून आल्यावर एक पेला छान वाटतो, पण मधुमेह असलेल्याला 'कोकम आहे, चालतं' म्हणून हे देऊ नका. त्यांच्यासाठी मिठातलं आगळ करा, तेही बेताने, कारण त्यात मीठ भरपूर असतं.

गाळलेल्या साली ताटात पसरून दोन उन्हं दाखवा. आमच्याकडे त्या जून उजाडायच्या आत संपतात, कोण खातं ते कुणी कबूल करत नाही.