जमिनीच्या वादात पोलीस बंदोबस्त: कोर्टात टिकेल असा अर्ज कसा करावा

शेजाऱ्याने बांध कोरला की पारावरचा सल्ला ठरलेला: ‘हायकोर्टात रिट टाक, पोलीस झक मारत येतात.’ येत नाहीत. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली संरक्षण मागता येतं, पण ताबा कोणाचा हाच वाद असेल तर हायकोर्ट सहसा दिवाणी कोर्टाची वाट दाखवतं. पी. आर. मुरलीधरन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये बजावलंच आहे की, पोलीस संरक्षणाच्या आडून दिवाणी हक्क ठरवून घेता येत नाहीत. रिटच्या नादात वर्ष घालवून आलेले पक्षकार मी पाहतो. हुसकावून लावलेल्याला नुसत्या ताब्याच्या जोरावर दावा लावायला विनिर्दिष्ट अनुतोष अधिनियमाचं कलम ६ सहाच महिने देतं. ते तोवर उलटलेले असतात.

१. तालुक्याच्या दिवाणी कोर्टात मनाईचा दावा आणि सोबत निशाणी ५ चा, म्हणजे दावा चालू असेपर्यंत तात्पुरती मनाई मागणारा अर्ज. सातबारा, मोजणी नकाशा तुमच्याकडे असतीलच.

२. एकतर्फी (समोरच्याचं ऐकण्याआधी) मनाई मिळाली तर कागदपत्रं प्रतिवादीला लगेच रजिस्टर पोस्टाने पाठवा आणि तसं शपथपत्र त्याच दिवशी, फार तर दुसऱ्या दिवशी दाखल करा.

३. हुकमाची साक्षांकित नक्कल ठाण्यात द्या, पोच घ्या. ‘दिवाणी मॅटर आहे’ हे उत्तर मिळेल. मिळू द्या. पुढच्या अर्जात तेच कामाला येतं.

४. आता खरी मेख. हुकूम असूनही समोरचा ऐकत नसेल तर त्याच दाव्यात दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १५१ खाली पोलीस मदतीचा अर्ज करायचा. माझा पहिला अर्ज नामंजूर झाला, आणि योग्यच झाला. मी लिहिलं होतं, ‘प्रतिवादी वारंवार त्रास देतात.’ न्यायाधीशांनी विचारलं, कधी? कोणी? कुठल्या बाजूने शिरले? माझ्याकडे उत्तर नव्हतं. म्हणून प्रत्येक प्रसंगाची तारीख, वेळ, माणसं, ठाण्यातली अदखलपात्र नोंद आणि साक्षीदाराचं शपथपत्र, एवढं हवंच.

दुसऱ्या वेळी हुकूम मिळाला. हवालदार शेतावर आले आणि म्हणाले, ‘वकीलसाहेब, उभं कुठं राहू?’ गटात चौघे हिस्सेदार, हुकमात नुसता ‘वादीचा हिस्सा’. ते तासाभरात परत गेले. तेव्हापासून मी अर्जात चतुःसीमा आणि हेक्टर-आर लिहितो, नकाशाची प्रत जोडतो. काम कोणतं (पेरणी, कुंपण), कोणत्या तारखांना, कोणतं ठाणं, हेही येतं. बंदोबस्ताचा खर्च भरायची तयारीसुद्धा तिथेच लिहायची. कायद्याचं पुस्तक न उघडता हवालदाराला अंमल करता यावा, असा हुकूम मागा.

दोन गोष्टी या अर्जात मुळीच घालू नका. एक, ताबा मिळवून देण्याची मागणी. बंदोबस्त असलेला ताबा राखायला असतो, गेलेला परत आणायला नाही. दुसरी, शिक्षेची मागणी. हुकूम मोडल्याबद्दल जप्ती किंवा तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद आदेश ३९ नियम २अ खाली होऊ शकते, पण तो अर्ज वेगळा. दोन्ही एकत्र केले की पुराव्याच्या घोळात बंदोबस्त लटकतो आणि पेरणीचा वाफसा निघून जातो.

५. हुकूम झाला की नक्कल घेऊन ठाण्यात तारीख ठरवा आणि त्याच दिवशी ट्रॅक्टरवाल्याला सांगून ठेवा. बंदोबस्तावरचे पोलीस दुपारपर्यंत बांधावर आणि ट्रॅक्टर शेजारच्या गावात नांगरतोय, हेही मी पाहिलंय.