फ्रिजमध्ये स्कूटीची किल्ली

पुण्याजवळच्या दिघीतल्या एका निवृत्त सुभेदार साहेबांची मी घेतलेली पहिली मुलाखत कुणाला दाखवण्याच्या लायकीची नाही. दोन तास ते १९७१ चं भारत-पाक युद्ध सांगत होते आणि डोक्यावर पंखा घरघरत होता. अर्धे शब्द त्यानेच खाल्ले. म्हणून माजी सैनिकांच्या आठवणींचे माहितीपट करायला नव्याने येणाऱ्यांना माझं पहिलं सांगणं: पैसे आधी माइकवर घाला. चित्र फोनवरही बरं येतं.

पंखा बंद, फ्रिज बंद. एकदा मी फ्रिज बंद केला आणि तशीच घरी आले. दुसऱ्या दिवशी त्या घरच्या काकूंचा फोन, "अगं, दोन लिटर दूध नासलं!" तेव्हापासून शूटिंगला बसताना स्कूटीची किल्ली फ्रिजमध्ये ठेवते; ती काढल्याशिवाय निघताच येत नाही. निघण्याआधी रिकाम्या खोलीचा आवाजही मिनिटभर टिपून घ्या. एडिटिंगमध्ये दोन वाक्यांमधला सांधा त्यानेच बुजतो.

१९७१ मध्ये विशीत असलेला जवान आज पंचाहत्तरीला टेकलाय, १९६५ ची माणसं ऐंशीच्या पुढे. घाई आहेच, पण ती त्यांच्या घरात न्यायची नाही. पहिल्या भेटीत कॅमेरा पिशवीतच राहू दे. चहा घ्या, अल्बम बघा, दुपारच्या झोपेआधी उठा.

प्रत्येकाकडे एक पाठ झालेली गोष्ट असते, शाळाशाळांत २६ जानेवारीला सांगून गुळगुळीत झालेली. ती अडवू नका, पूर्ण होऊ द्या. मग साधं विचारा: पायात काय होतं? पत्र कोण वाचून दाखवायचं? १९७१ मध्ये जमालपूरच्या (आताच्या बांगलादेशातल्या) लढाईत असलेल्या एका साहेबांना मी बुटांबद्दल विचारलं. ते थांबले. मी मनात दहा आकडे मोजले (हे जमायला मला वर्ष लागलं). मग हात कमरेशी नेत म्हणाले, "मोजे पिळून इथं बांधायचो, अंगाच्या उबेनं वाळावेत म्हणून." दारातून काकू म्हणाल्या, "तरीच! अजून मोजे मशीनमध्ये टाकू देत नाहीत." काकूंना माइक नव्हता. आता मी दुसरा माइक नेतेच.

"किती मारले?" हा प्रश्न मात्र कधीच नाही.

तारखा ताडून बघा. १९७१ चं युद्ध ३ डिसेंबरला सुरू झालं, जमालपूर ११ तारखेला पडलं, ढाक्यात शरणागती १६ ला. आठवणीत हा क्रम उलटसुलट होतो. कॅमेऱ्यासमोर चूक काढू नका, वहीत टिपा आणि पुढच्या भेटीत सहज विषय काढा. पुण्यातल्या घोरपडीजवळच्या युद्धस्मारकात आधी एक फेरी मारली तर पलटणींची नावं ऐकताना गोंधळ उडत नाही. लष्करी हद्दीत परवानगीशिवाय कॅमेरा काढू नका, हे वेगळं सांगायला नको.

संमतीपत्र मराठीत करा आणि वाचून दाखवा. फुटेज दोन हार्ड डिस्कवर ठेवा, त्यातली एक दुसऱ्याच्या घरी.

आणि लोकांना दाखवण्याआधी त्यांना दाखवा. बुटांवाल्या साहेबांनी सगळा माहितीपट न बोलता पाहिला. शेवटी म्हणाले, "त्या पोराचं नाव काढून टाक. तो कसा गेला, ते त्याच्या घरी आम्ही वेगळं सांगितलंय."

काढलं.