बी.एड., डी.एड.च्या वैधतेचा वाद न्यायालयात नेताना या चुका टाळा

परळी, उदगीर किंवा हिंगोलीहून रात्रीच्या एसटीने छत्रपती संभाजीनगरच्या खंडपीठात येणाऱ्या उमेदवाराच्या पिशवीत लॅमिनेशन केलेले गुणपत्रक हमखास असते. नसतो तो महाविद्यालयाचा मान्यता आदेश. बहुतेक प्रकरणे येथेच कच्ची राहतात.

विद्यापीठाची संलग्नता म्हणजेच मान्यता, हा समज पहिल्यांदा सोडावा. राष्ट्रीय अध्यापक शिक्षण परिषद अधिनियम, 1993 च्या कलम 14 नुसार संस्थेला, तर वाढीव अभ्यासक्रमासाठी कलम 15 नुसार, परिषदेच्या विभागीय समितीची मान्यता लागते. ती नसताना मिळालेली अर्हता शासकीय किंवा शासन-अनुदानित शाळेतील नोकरीसाठी वैध ठरत नाही, असे कलम 17(4) सांगते. म्हणून आदेशाची प्रत मिळवून त्यातील अभ्यासक्रम, मंजूर जागा आणि सत्र स्वतः वाचावे. डी.एड.साठी मिळालेली मान्यता बी.एड.ला चालत नाही.

पुढे मान्यता रद्द झाली म्हणजे आपली पदवीही बुडाली, असे मानून अनेक जण हातपाय गाळतात, आणि या घाईचे मला फार वाईट वाटते. कलम 17(1) च्या परंतुकानुसार, म्हणजे त्या कलमाला जोडलेल्या अटीनुसार, रद्दतेचा आदेश तो कळवल्याच्या तारखेनंतर येणाऱ्या शैक्षणिक सत्राच्या अखेरीपासून अमलात येतो. त्यामुळे आपला प्रवेश, परीक्षा आणि तो आदेश, या तिन्हींच्या तारखा एका कागदावर खालोखाल लिहून काढाव्यात. वकिलाचा पहिला प्रश्न तोच असेल.

अंतरिम, म्हणजे निकालापूर्वीच्या तात्पुरत्या, आदेशावर विसंबणे ही सर्वांत महागात पडणारी चूक आहे. ‘याचिकेच्या निकालाच्या अधीन राहून’ परीक्षेला बसू दिले, एवढ्याने संस्थेला मान्यता मिळत नाही. मान्यता नसलेल्या संस्थांतील विद्यार्थ्यांना परीक्षेला बसू देण्याचा उच्च न्यायालयाचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने 1992 मध्येच, महाराष्ट्र शासनाच्या अपिलावर, रद्द केला होता.

पदवी वैध असणे आणि ती त्या पदासाठी पुरेशी असणे, या दोन गोष्टी वेगळ्या आहेत. पहिली ते पाचवीच्या शिक्षकपदासाठी बी.एड. चालेल, ही 2018 ची अधिसूचना सर्वोच्च न्यायालयाने 11 ऑगस्ट 2023 रोजी रद्द ठरवली. न्यायालयाच्याच 8 एप्रिल 2024 च्या स्पष्टीकरणाने 11 ऑगस्ट 2023 पूर्वी नियमित नियुक्ती मिळालेल्यांना काही अटींवर संरक्षण मिळाले. अशा वादात संस्थेची मान्यता कितीही निर्विवाद असली तरी तिचा उपयोग होत नाही, म्हणून याचिकेत नेमका मुद्दा कोणता, हे आधी ठरवावे.

खासगी शाळेने पदवीवर बोट ठेवून सेवेतून काढले असेल, तर केवळ शिक्षणाधिकारी कार्यालयात अर्जामागून अर्ज देत बसू नये. 1977 च्या खासगी शाळा कर्मचारी अधिनियमाच्या कलम 9 खाली शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करण्यास आदेश मिळाल्यापासून तीसच दिवस असतात. आदेश ज्या पाकिटातून आला, तेही टाकू नये. मुदतीचा वाद निघाला तर त्यावरील टपालाचा शिक्का कामी येतो.