जुन्या इलेक्ट्रिक तव्याचा सुटा कंट्रोलर

अमेरिकेहून आलेले जुने इलेक्ट्रिक तवे आणि कढया नागपुरातल्या काही घरांत अजून दिसतात. त्यांचा तापमान-कंट्रोलर सुटा असतो. आधी व्होल्टेज पाहा. १२० व्होल्टची वस्तू आपल्या २३० वर थेट लावलीत तर ती जळणारच. १२०० वॉटच्या तव्याला किमान १५०० व्हीए (व्होल्ट-अँपिअर) क्षमतेचा, व्होल्टेज कमी करणारा स्टेप-डाऊन ट्रान्सफॉर्मर हवा.

डायल बंद ठेवून कंट्रोलर आधी तव्यात पूर्ण खोचा, मग भिंतीत. काढताना उलट. तवा ओला असेल तर तव्याचं सॉकेट पुसून पूर्ण वाळू द्या. कंट्रोलर मात्र कधीच धुवायचा नाही.

तवा जास्तच तापतोय? बहुतेकदा दोष कंट्रोलरच्या मधल्या, तापमान ओळखणाऱ्या धातूच्या दांडीवर साचलेल्या तेलकट थराचा असतो. कंट्रोलरच्या आतल्या, तापल्यावर वाकून वीज तोडणाऱ्या पट्टीला उष्णता उशिरा कळते, तोवर थालीपीठ करपतं. वस्तू थंड असताना प्लग काढून दांडी ओलसर फडक्याने पुसा, तव्याच्या काळ्या पडलेल्या पिना बारीक पॉलिश पेपरने घासा. पिना सैल बसत असतील, ठिणगी उडत असेल तर वापर तिथेच थांबवा.

डायल बरोबर तापमान दाखवतो का याचा अंदाज घ्यायचा तर तव्यात पाणी उकळा आणि डायल हळूहळू खाली आणा. कंट्रोलरवरचा दिवा साधारण २१२ फॅरनहाइटच्या (१०० सेल्सिअस) आसपास विझायला हवा.

अजिबात तापतच नसेल तर मल्टिमीटर (वीज मोजायचं यंत्र) ओहमवर ठेवून तव्याच्या दोन पिनांना लावा. १२० व्होल्ट, १२०० वॉटला सुमारे १२ ओहम दिसले की एलिमेंट (तापणारी तार) शाबूत, म्हणजे संशय कंट्रोलरवर. पिन आणि तव्याच्या अंगात मात्र जोड दिसता कामा नये. दिसला तर तो तवा लावूच नका. बदली कंट्रोलर घ्यायला सीताबर्डीत जाल तेव्हा तवा सोबत न्या. पिनांमधलं अंतर आणि दांडीची लांबी जुळली तरच घ्या.