लाडका प्राणी गेल्यानंतरचे दिवस कसे काढावेत

घरातला कुत्रा किंवा मांजर गेल्यावर बहुतेक लोक चांगल्या मनाने एकच सल्ला देतात: दुसरे पिल्लू आणा, म्हणजे विसर पडेल. निदान सुरुवातीच्या काही आठवड्यांत तरी हा सल्ला मानू नये. ज्याच्या जेवणाच्या, औषधाच्या आणि फिरायला नेण्याच्या वेळा दहा-बारा वर्षे सांभाळल्या, त्याच्या जाण्याचे दुःख खरेच असते. मात्र त्यासाठी सुतक नसते, रजा नसते आणि कोणी समाचाराला येत नाही. समाज ज्याची दखल घेत नाही असे दुःख माणसाला अधिक एकटे पाडते, हे अमेरिकी अभ्यासक केनेथ डोका यांनी 1989 मध्ये आपल्या ग्रंथात सविस्तर मांडले. म्हणून निदान एका जवळच्या माणसाला, जो ‘कुत्रेच तर होते’ असे म्हणणार नाही अशाला, सगळे मोकळेपणाने सांगावे आणि शक्य असल्यास कामावरून एक दिवस रजा घ्यावी.

पहिल्या काही तासांत निरोपाची व्यवस्था करावी लागते. मृत्यूनंतर दोन-तीन तासांत शरीर ताठर होऊ लागते, म्हणून तो झोपायचा तसे पाय दुमडून त्याला चादरीवर ठेवावे आणि खाली जुने टॉवेल अंथरावेत, कारण लघवी किंवा तोंडातून थोडा द्रव बाहेर येतो. डोळे मिटत नाहीत, तेही स्वाभाविक आहे. मुंबईत महापालिकेने 2023 मध्ये मालाड येथे लहान पाळीव प्राण्यांच्या दहनाची सोय सुरू केली. इतर ठिकाणी नेहमीच्या पशुवैद्यांकडे किंवा पालिकेकडे चौकशी करावी. स्वतःच्या जागेत पुरायचे असल्यास विहिरीपासून दूर, निदान तीन-चार फूट खोल खड्डा घ्यावा आणि प्लास्टिकऐवजी सुती कापडात गुंडाळावे. इंजेक्शन देऊन मरण दिले असेल तर खड्ड्याच्या खोलीबाबत अजिबात तडजोड करू नये, कारण ते औषध शरीरात राहते आणि उकरून खाणाऱ्या कुत्र्यांना किंवा पक्ष्यांना विषबाधा होऊ शकते. हार-फुले वाहावीत, दिवा लावावा, वाटल्यास तेराव्या दिवशी भटक्या कुत्र्यांना जेवू घालावे. प्राण्यासाठी हे योग्य का, अशी शंका घरातील ज्येष्ठांनी काढली, तर कोरडी पोळी पळवणाऱ्या कुत्र्यामागे तुपाची वाटी घेऊन धावलेल्या नामदेवांची कथा त्यांनाही ठाऊक असतेच.

त्यानंतर जे सर्वांत जास्त छळते, ते अपराधीपण. ‘आधी लक्षात कसे आले नाही’ या प्रश्नाचे उत्तर अनेकदा आजाराच्या स्वरूपातच असते. मांजराचे मूत्रपिंड दोन-तृतीयांशाहून अधिक निकामी होईपर्यंत बाहेरून विशेष काही दिसत नाही. कुत्र्याच्या प्लीहेतील गाठ तर पुष्कळदा फुटून रक्तस्राव झाल्यावरच कळते, आणि आदल्या दिवसापर्यंत तो नेहमीसारखा शेपूट हलवत असतो. दुखणे लपवणे हा प्राण्यांचा स्वभावच आहे. तरीही मन ऐकत नसेल तर कागदावर दोन रकाने आखावेत: एका बाजूला त्या-त्या दिवशी काय दिसत होते व डॉक्टरांनी काय सांगितले होते ते, आणि दुसऱ्या बाजूला नंतर कळलेले सगळे लिहावे. आपला निर्णय फक्त पहिल्या रकान्यावरून तपासावा. राहिलेल्या शंका घेऊन पशुवैद्यांना एकदा आवर्जून भेटावे. बहुतेक डॉक्टर शांतपणे उत्तर देतात.

ज्यांनी इंजेक्शनचा निर्णय घेतला, त्यांचे ओझे वेगळे असते. त्यांनी हे जाणून घ्यावे की भुलीच्या औषधाची मोठी मात्रा दिल्यावर आधी शुद्ध हरपते आणि मग श्वास व हृदय थांबते. शेवटी दिसणारा एखादा खोल श्वास किंवा स्नायूंची थरथर हे बेशुद्धीनंतरचे असते, ते वेदनेचे लक्षण नव्हे. असाध्य वेदना पाहून घेतलेला तो निर्णय त्याच्यासाठीच घेतलेला होता, असे मी ठामपणे म्हणेन.

दिवसातील काही ठरावीक वेळा फार जड जातात. सकाळी साखळीकडे जाणारा हात, जेवताना पोळीचा शेवटचा तुकडा आपोआप बाजूला काढला जाणे, दाराशी नखांचा आवाज आल्याचा भास होणे, हे सर्व अनेकांना होते आणि त्यात घाबरण्यासारखे काही नाही. त्या वेळा मोकळ्या ठेवू नयेत. फिरायला जायची वेळ तीच ठेवावी, वाटल्यास रस्ता बदलावा. वाटी, पट्टा आणि अंथरूण घाईने टाकून देऊ नये. एका खोक्यात भरून ठेवावे आणि मन तयार झाल्यावर काय करायचे ते ठरवावे. न उघडलेले खाद्य प्राण्यांच्या आश्रयस्थानाला देता येते, परंतु उरलेली औषधे डॉक्टरांना विचारल्याशिवाय दुसऱ्या प्राण्याला देऊ नयेत.

लहान मुलांना ‘तो झोपला’ किंवा ‘गावाला गेला’ असे सांगू नये. मूल झोपायला घाबरते किंवा रोज वाट पाहत राहते. ‘त्याचे शरीर थांबले, तो परत येणार नाही’ हे स्पष्ट सांगून त्याला निरोपात सामील करून घ्यावे. घरात दुसरा प्राणी असेल तर तोही शोधाशोध करतो, कमी खातो. त्याच्या वेळा तशाच पाळाव्यात, गेलेल्याचे एखादे फडके न धुता त्याच्याजवळ ठेवावे आणि मांजराने पूर्ण दिवस काहीच खाल्ले नाही तर डॉक्टरांकडे न्यावे.

आठवडे उलटूनही झोप लागत नसेल, कामात लक्ष लागत नसेल किंवा जगणे नकोसे वाटत असेल, तर केंद्र सरकारच्या टेलिमानस या मानसिक आरोग्य सेवेचा 14416 हा क्रमांक विनामूल्य आणि चोवीस तास उपलब्ध आहे. दुःख कुत्र्याचे आहे, हे सांगायला संकोच करू नये.

नवीन प्राणी आणायचा की नाही, हे घरातल्या सर्वांनी मिळून ठरवावे; एकाचेही मन तयार नसेल तर थांबावे. गेलेले पिल्लू पार्व्हो या कुत्र्यांच्या विषाणूजन्य रोगाने दगावले असेल तर थांबण्याला वैद्यकीय कारणही आहे, कारण तो विषाणू घरात व अंगणात अनेक महिने टिकतो. फरशी स्वच्छ धुऊन, एक भाग ब्लीच व तीस भाग पाणी या प्रमाणातील द्रावण तिच्यावर दहा मिनिटे राहू द्यावे, आणि नवे पिल्लू लसींचे सर्व डोस पूर्ण झाल्यानंतरच घरी आणावे.