छोट्या शहरातल्या टीव्ही केंद्राचा इतिहास लिहायचा तर सुरुवात कुठून करावी

बहुतेक जण सुरुवात करतात मालकाच्या मुलाखतीपासून किंवा उद्घाटनाच्या फोटोपासून. मी म्हणेन, आधी प्रसारणाचं लॉगबुक शोधा. मी बरीच वर्षं टेप लायब्ररी सांभाळली आहे. केंद्राने काय दाखवलं हे टेपपेक्षा कागदच जास्त खरं सांगतो, हे माझं ठाम मत आहे. बातम्या थेट जायच्या, त्या कित्येकदा रेकॉर्डच व्हायच्या नाहीत. आणि झाल्या तरी टेप महाग, म्हणून पुसून पुन्हा वापरायची. अपोलो ११ चांद्रमोहिमेच्या मूळ डेटा टेपसुद्धा बहुधा अशाच पुसल्या गेल्या, असा निष्कर्ष नासाने २००९ मध्ये काढला. मग नगरपालिकेच्या सभेची टेप कोण जपून ठेवणार?

लॉगबुकात कार्यक्रम किती वाजता सुरू झाला, कुठली जाहिरात लागली, प्रसारण कधी आणि कशामुळे बंद पडलं, हे सगळं असतं. शिवाय प्रत्येक पाळीच्या शेवटी सही असते. त्या सह्या उतरवून घ्या, मुलाखतींसाठी माणसांची यादी तिथेच तयार होते. लॉगबुक रद्दीत गेलं असेल तर वाचनालयात जाऊन स्थानिक वर्तमानपत्रांतलं कार्यक्रमांचं सदर बघा. जाहिरातींची बिलं, यंत्रदुरुस्तीचं रजिस्टर, परवान्याची कागदपत्रंही सोडू नका.

आता टेप. हातात घेतल्या घेतल्या पहिलं काम म्हणजे तिच्यावर चुकूनही काही रेकॉर्ड होणार नाही याची सोय. व्हीएचएसच्या, म्हणजे घरगुती व्हिडिओ कॅसेटच्या, कडेची प्लास्टिकची छोटी पट्टी मोडा, यू-मॅटिकच्या, म्हणजे केंद्रांत वापरायच्या मोठ्या कॅसेटच्या, तळाचं लाल बटण काढा. आत पांढरी भुकटी दिसली तर ती बहुधा बुरशी असते, टेप मशीनमध्ये घालूच नका. ती मशीनमधल्या टेप वाचणाऱ्या हेडला लागते आणि पुढच्या टेपांवरही जाते. १६ मिमी फिल्मचा डबा उघडल्यावर व्हिनेगरसारखा वास आला तर फिल्मचा पायाच, म्हणजे तिची प्लास्टिकची पट्टीच, खराब होतोय असं समजा आणि तो डबा बाकीच्यांपासून वेगळा ठेवा.

तारीख ठरवताना टेपचा प्रकार उपयोगी पडतो. यू-मॅटिक १९७१ मध्ये आली, व्हीएचएस १९७६, बीटाकॅम १९८२, मिनी-डीव्ही १९९५. पण त्यावरून फक्त ‘याच्या आधीची नाही’ एवढंच म्हणता येतं. छोटी केंद्रं मोठ्यांनी वापरून काढलेली यंत्रं घ्यायची, त्यामुळे प्रत्यक्ष वर्ष बरंच पुढचं निघू शकतं. माइकवरचा लोगो, निवेदकामागचा पडदा, नावाच्या पट्टीतलं अक्षरवळण यांची क्रमवारी लावली की वर्ष बरंच जवळ येतं.

लेबल नीट वाचा. ‘महापौर, भाषण’ खोडलेलं, त्याखाली वेगळ्या अक्षरात ‘फुटबॉल, अंतिम सामना’, तेही खोडलेलं, आणि सगळ्यांत खाली लाल शाईत नुसतं ‘वापरा’. अशी टेप मी कधीच मध्येच थांबवत नाही. नवं रेकॉर्डिंग जुन्यापेक्षा छोटं असेल तर ते संपतं, चित्र क्षणभर फाटतं, आणि खालचं जुनं रेकॉर्डिंग सुरू होतं. भाषणाची शेवटची चार मिनिटं, सभागृहातली माणसं, मागच्या रांगेतून कुणीतरी विचारलेला प्रश्न. अख्ख्या केंद्राच्या संग्रहात त्या काळाचं तेवढंच उरलेलं असू शकतं. म्हणून प्रत्येक टेप शेवटच्या फ्रेमपर्यंत बघायचीच.

डिजिटायझेशन लांबणीवर टाकू नका. व्हीसीआर बनवणाऱ्या शेवटच्या कंपनीने २०१६ मध्ये उत्पादन थांबवलं. चालू स्थितीतली मशीन आणि ती दुरुस्त करणारे हात, दोन्ही कमी होत चालले आहेत. जपून ठेवायची डिजिटल प्रत दर्जा न घालवणाऱ्या पद्धतीने घ्या, म्हणजे एफएफव्ही१ या कोडेकमध्ये (व्हिडिओ साठवायच्या पद्धतीत). नेहमीची एमपी४ फक्त बघण्यापुरती. मिनी-डीव्हीतला डेटा मात्र फायरवायर केबलने कॉम्प्युटरवर जसाच्या तसा उतरवायचा, तासाला साधारण १३ जीबी लागतात.

मुलाखती कॅमेरामन, संकलक, ट्रान्समीटरवर रात्रपाळी करणारे आणि गाडीचे चालक यांच्यापासून सुरू करा. संचालकांकडे नंतर जा, त्यांचं म्हणणं बहुतेक वेळा आधीच कुठेतरी छापून आलेलं असतं. ‘तेव्हा कसं होतं?’ असं विचारलंत तर ठरीव उत्तर मिळेल. त्याऐवजी लॉगबुकाचं पान समोर ठेवा आणि विचारा, ‘या रात्री दोन तास प्रसारण का बंद होतं?’ माणूस लगेच बोलायला लागतो: कुठला भाग जळला, कोणाला झोपेतून उठवलं, तोवर पडद्यावर कुठली पाटी लावून ठेवली होती. सालं लोक चुकवतात, क्रम सहसा चुकवत नाहीत. म्हणून ‘कोणत्या वर्षी?’ असं न विचारता ‘नव्या इमारतीत जायच्या आधी की नंतर?’ असं विचारा.

लिहिताना अध्यक्षांच्या कारकिर्दींप्रमाणे प्रकरणं पाडू नका. नवा कॅमेरा आला, रंगीत प्रसारण सुरू झालं, बातमीपत्राची वेळ बदलली, प्रेक्षकांच्या दृष्टीने केंद्र अशाच ठिकाणी बदललेलं असतं. तारीख पक्की नसेल तर ‘१९८४ नंतर, १९८७ पूर्वी’ असंच लिहा आणि तसं का म्हणताय तेही लगेच सांगा. छापण्याआधी प्रत्येकाला त्याचा भाग वाचायला द्या. वाचता वाचता कुणीतरी हमखास घरातल्या माळ्यावरच्या खोक्याबद्दल बोलतं, त्यासाठी हाताशी दोन-तीन आठवडे मोकळे ठेवा.